तुकडा ज्याचा त्याला

अंबादास, मंगळवारी सकाळी आपल्या उस्मानाबादकडच्या वाशीच्या एसटी स्टँडवर तुझा मृत्यू झाला. ईटकडं जाणारी गाडी अजून लागायची होती. तू बाकावर बसला होतास. शेजारच्या माणसाला गाडीची वेळ विचारलीस, आणि त्यानं उत्तर देईपर्यंत तुझी मान खाली गेली. डॉक्टरांनी हृदयविकार लिहिला. त्या शेजारच्या माणसाला मी नंतर गाठलं. तू आणखी काही बोललास का, असं दोनदा विचारलं. दोन्ही वेळा त्यानं नाही म्हणून सांगितलं.

तुझी कापडी पिशवी पोलिसांनी माझ्याकडं दिली. आत टॉवेल, भाकरीचं फडकं, फिल्म जोडायचं छोटं यंत्र आणि चिकटवायच्या द्रव्याची बाटली होती. ते द्रव्य म्हणजे तुझं 'सिमेंट'. पिशवीत कॅमेरा नव्हता. फिल्मही नव्हती.

तुझ्या निधनाची बातमी मीच लिहिली. त्यात रीतसर जे लागतं ते सगळं आलं, म्हणून इथं पुन्हा सांगत नाही. पण बातमी पाठवून झाल्यावर मला बसवेना. जोडायला फिल्म नसताना जोडायचं यंत्र घेऊन तू कुठं निघाला होतास? मी घरातून उठून कचेरीत गेलो, कचेरीतून तुझ्या घरी गेलो, तिथून परत आलो. आपलं एक भांडण अर्धं राहिलं होतं आणि त्याचा या पिशवीशी संबंध असणार, एवढंच मला वाटत होतं. वाटण्याला बातमीत जागा नसते, असं तूच मला चिडवायचास.

आपली पहिली भेट बहात्तरच्या दुष्काळातली. मी जिल्ह्याचा नवा बातमीदार होतो. तू सरकारी प्रचारगाडीवर प्रोजेक्टर चालवायचास. खडी फोडायच्या एका कामावर मुंबईहून एक कॅमेरावाला आला होता. त्यानं एका बाईला पाटी उचलून चालायला लावलं. मग म्हणाला, पुन्हा एकदा. मग आणखी एकदा, पण जरा थकल्यासारखं. चौथ्या वेळी बाईनं भरलेली पाटी त्याच्या पायाशी ठेवली आणि म्हणाली, "आता तू उचल. म्या बगते, कसा थकतूस ते."

सगळं काम हसलं. गाडीच्या टपावर बसून सगळ्यात मोठ्यानं हसत होतास तू.

त्याच संध्याकाळी तू मजुरांना सरकारी रीळ दाखवलंस. धरण, गहू, ट्रॅक्टर. एक म्हातारा म्हणाला, "ह्ये लई झालं बाबा. आमचं कवा दावतूस?" तू रीळ गुंडाळून ठेवलंस. पुढं नोकरी सोडलीस, कुणाचा तरी वापरलेला सोळा मिलिमीटरचा कॅमेरा मिळवलास आणि तुझ्या पद्धतीनं उत्तर द्यायला लागलास.

ती पद्धत जिल्ह्यात दुसऱ्या कुणाची नव्हती. तू कुणालाही 'पुन्हा करा' म्हणायचा नाहीस. फिल्म झाली की पहिल्यांदा त्याच गावात, भिंतीवर धोतर ताणून दाखवायचास. ज्याला आपलं चित्र नको असेल, त्यानं तसं सांगायचं. कारण द्यायची गरज नाही. तू तेवढा भाग त्याच्यासमोर कापायचास आणि तुकडा त्याच्या हातात ठेवायचास. तुकडा ज्याचा त्याला. आणि तुझी फिल्म अशी होती की कॅमेऱ्यात फिरते तीच धुऊन पडद्यावर लागते. तिला निगेटिव्ह नसते, दुसरी प्रत नसते. तुकडा दिला म्हणजे तो गेला.

लोकही तुला पुरून उरायचे. कॅमेरा दिसला की आधी फोटोसारखे ताठ उभे राहायचे. आमच्या तामलवाडीला तू विहीर खोल करायचं काम टिपायला आलास, तेव्हा माझे वडील विहिरीच्या कडेला हात मांड्यांना चिकटवून उभे राहिले. तू खूण केलीस, आप्पा, काम करा. ते हलले नाहीत. फिल्म फिरत राहिली. मागं बैल शेपटी हलवत होता, मोटेचं पाणी सांडत होतं, वडील पुतळ्यासारखे. नंतर मी त्यांना विचारलं तर म्हणाले, "हाललो आसतो तर फोटू हालला आसता की. पोराचा दोस्त येवडा लांबून आला, त्येचा फोटू खराब करू?"

त्या चित्राला लोकांनी हसावं असं आईला वाटेना. तिच्या सांगण्यावरून वडिलांनी नको म्हटलं. तू कापलंस आणि त्यांच्या हातात दिलंस, त्यांनी ते तिला दिलं. वडील गेले, मग आई गेली. तो तुकडा आता माझ्याकडं आहे. वडिलांचं दुसरं कुठलंही चित्र आमच्याकडं नाही. उजेडात धरलं की सगळ्या चौकटी सारख्या दिसतात. भिंग लावलं तर दोन जागी त्यांच्या पापण्या मिटलेल्या आहेत. याबद्दल मी तुला कधी काही बोललो नाही. आभार मानायचे राहिले, एवढंच लिहून पुढं जातो.

आता ईटच्या पलीकडचं ते गाव. तिथं दूध पूर्वीपासून आहे, पण शहरापर्यंत टिकत नसे, म्हणून घरोघरचं दूध भट्टीवर जायचं आणि कढईत आटून खवा व्हायचा. मग सहकारी दूध संस्था निघाली. सकाळी दूधगाडी दारात यायला लागली. दुष्काळातून उठलेल्या गावाला ही गाडी केवढी वाटायची, ते तू बरोबर टिपलं होतंस: पहिल्या शॉटमध्ये गाडी नाहीच, रस्त्याकडं वळलेल्या माना आहेत.

मी तुझ्याबरोबर आलो होतो. संस्थेची पत्र्याची खोली, दारात मोठे कॅन, डिग्री लावून, म्हणजे दुधात पाणी आहे का ते बघून, माप घेणारा गणपत. कडबा तोडताना त्याच्या उजव्या करंगळीचं एक पेर गेलेलं. माणसं दुधाच्या चरव्या घेऊन ओळीनं येत होती. ओळ संपल्यावर बौद्ध वस्तीतली केराबाई आली. तिची एक म्हैस होती. तिनं चरवी हातातच ठेवली. गणपतचा हात बाजूच्या लहान कॅनकडं गेला, त्यानं झाकण काढलं, केराबाईनं वरून दूध ओतलं, गणपतच्या हातानं पुन्हा झाकण लावलं. मोठे कॅन गाडीत चढले. लहान कॅन भट्टीवर गेला. रोजचंच होतं. तुझा कॅमेरा चालू होता. चौकटीत केराबाई, लहान कॅन आणि तो हात. शेवटी ती कॅमेऱ्याकडं बघते.

फिल्म धुऊन आली आणि शाळेच्या भिंतीवर गावाला दाखवलीस. चेअरमन पुढच्या खुर्चीत होते. त्यांच्या स्वतःच्या चरवीला डिग्री न लावताच दूध कॅनमध्ये जाताना दिसलं, तेव्हा मागून कुणीतरी म्हणालं, "चेअरमनच्या म्हशीला पाणी माहीतच न्हाय जणू!" हशा झाला. चेअरमनही हसले. संपल्यावर तुझ्या खांद्यावर हात टाकून म्हणाले, "अंबादासराव, येवढं तेवढं कापा की."

तू कापलंस. तुकडा त्यांच्या हातात दिलास. त्यांनी तो भट्टीच्या जाळात टाकला. तो आकसला, काळा झाला.

दुसऱ्या दिवशी सकाळी आपण शाळेच्या ओट्यावर चहा घेत असताना केराबाई आली. खाली बसली नाही.

"भाऊ, त्येवडं माजं काढा."

"का, आक्का?"

"इतके दिस समद्यांला ठावं हुतं, पर बगितलं नव्हतं कुणी. काल बगितलं. आता म्हनतील, बाईनं फिलिममदी जाऊन गावाला बट्टा लावला. दूध घ्याचं थांबिवलं तर म्हस काय दारात शोबंला बांदू?"

मी मधे पडलो. "केराबाई, हेच तर बाहेर दिसायला पाहिजे. तुम्ही नाव सांगा, मी पेपरात छापतो."

ती माझ्याकडं वळली. "सायेब, तुमचं काय आसंल ते तुमी दावा. ह्ये माजं हाय. आन् नाव बी घालू नगा."

तू कात्री काढलीस. तिनं तुकडा पदराच्या टोकाला बांधला आणि गेली.

परतीच्या एसटीत आपण भांडलो. त्या भांडणातले शब्द मला बऱ्यापैकी आठवतात. तुझ्या बाजूचे खोडून काढायला आता तू नाहीस, म्हणून जपून लिहितो.

मी म्हणालो, "चेअरमनला आणि तिला एकच कात्री?"

"माझ्याकडं एकच आहे."

"त्यानं लबाडी झाकायला कापून घेतलं. तिनं भीतीपोटी."

"कारणं तू लिहून घे. ते तुझं काम."

"मग आता फिल्म काय सांगते? सगळं गाव एका कॅनमध्ये दूध ओततं. हे खोटं आहे, अंबादास."

"व्हय. खोटं आहे."

"आणि खरं काय ते दाखवणारी एकमेव पट्टी तू देऊन आलास."

"तिचीच होती."

"ती चुलीत घालेल."

"घालू दे."

मी गप्प बसेना. तेव्हा तू खिडकीतून बाहेर बघत म्हणालास, "बरं. मग तुझ्या वडिलांचा तुकडा मला परत दे. चांगला शॉट आहे. मीही दाखवतो सगळ्या जिल्ह्याला."

येरमाळ्यापर्यंत मग कुणीच बोललं नाही. कंडक्टरनं विचारलं, "काय ओ, मयताला चाललाव का मयताहून आलाव?" तू हसलास. मी हसलो नाही.

मी ती बातमी लिहिली नाही. नावाशिवाय संपादक छापत नव्हते आणि नाव घालायचं नव्हतं. म्हणजे तू कापलंस आणि मी लिहिलं नाही. लहान कॅन दोघांच्याही बाहेर राहिला. तुझ्याशी मात्र मी भांडत राहिलो. चहाच्या टपरीवर, दुसऱ्यांच्या लग्नात, एकदा तर पंक्तीत शेजारी बसून. वहिनी म्हणायच्या, "तुम्हां दोघांना दुसरा विषय नाही का? जेवा आधी."

मग उस्मानाबादच्या सभागृहातला तो कार्यक्रम झाला. तीच फिल्म दाखवली गेली. पाहुण्यांनी भाषणात सांगितलं, या गावानं बघा, जातपात विसरून एका कॅनमध्ये दूध ओतलं. टाळ्या पडल्या. तू प्रोजेक्टरपाशी उभा होतास आणि रीळ गुंडाळत होतास. मी जवळ येऊन विचारलं, "ऐकलंस?"

"ऐकलं."

एवढंच. तुझी बोटं रिळावर थांबली होती. त्यानंतर ती फिल्म तू कुठं दाखवली नाहीस. तुझ्या कपाटातूनही ती दिसेनाशी झाली. मी एकदा विचारलं, कुठं आहे? "जिथली तिथं," म्हणालास. मला वाटलं, टाळतोयस. पुढं विचारायला हवं होतं ते विचारलं नाही.

तुझे दिवस सुरू असतानाच मी शकुंतला वहिनींना पिशवीबद्दल विचारलं. तुझ्या फिल्मचे सांधे बहुतेक त्याच घालायच्या; तुझा हात थरथरायचा आणि सांधा वाकडा बसायचा. त्या म्हणाल्या, "मला काही सांगितलं नाही, भावजी. एवढंच म्हणाले, बाटली भरून दे, एकच तुकडा जोडायचाय. मी म्हटलं, येऊ का मी, तुमचा हात चालत नाही. तर म्हणाले, इतकी वर्षं थांबलाय तो तुकडा, वाकडा जोडला तरी चालेल."

थांबलेला तुकडा मला एकच माहीत होता. पण खात्री नव्हती. मी दूध केंद्रावर जाऊन त्या गावची गाडी चालवणाऱ्या ड्रायव्हरला गाठलं. तो लगेच म्हणाला, "व्हय, निरोप म्याच दिला. केराक्कानं सांगितलं हुतं: पट्टी जोडायची हाय, सामान घिऊन या म्हनावं. सोमवारी सांगितलं. मंगळवारी ते निघालेच का?" मग तो गाडीचं दार उघडझाप करत राहिला.

मी दुसऱ्या दिवशी वाशीमार्गे ईटला आणि तिथून त्या गावाला गेलो. यंदाही पाऊस नाही. बहात्तरला बघितलेले रस्त्याकडेचे खडीचे ढीग पुन्हा दिसायला लागलेत, टँकरमागं घागरी पळतायत. गावात जनावरं कमी दिसली. केराबाईच्या दारात खुंटा होता, दावं होतं, म्हैस नव्हती.

तिला तुझं कळलेलं होतं. मला बघून म्हणाली, "माज्या निरोपावर निगाले हुते."

मी सांगितलं की डॉक्टरांच्या म्हणण्याप्रमाणं हृदय आधीपासून कमजोर होतं, ते घरी असतानाही होऊ शकलं असतं.

"सायेब, बातमी सांगू नगा मला," ती म्हणाली. मग आत गेली. उतरंडीतलं एक गाडगं काढून त्यातलं फडकं सोडलं. पट्टी गोल वळलेली होती, कडेला काजळी धरलेली. पण सलग होती.

"आता का जोडायची, केराबाई?"

"म्हस इकली. पानी न्हाय, कडबा न्हाय, काय घालू तिला? म्हस हुती तवर दावं मलाच हुतं. आता दूधच न्हाय, तर काय थांबिवतील?"

"लहान कॅन अजून आहे?"

"हाय की. वस्तीतली दोन घरं आजून घालत्यात. त्यास्नी इचारलं म्या आदी. इचारल्याबगार कसं? भाऊ इचारायचे. व्हय म्हनाली ती. येका घरची सून तर म्हनली, आक्का, लवकर दाव, मला चरवी वर धरून हात दुकायला लागलाय."

ती हसली. मग विचारलं, "आता जोडनार कोन?"

मी म्हणालो, मुख्य फिल्म कुठं आहे तेच मला ठाऊक नाही. तिनं माझ्याकडं असं पाहिलं, जणू मी गावातली विहीर कुठं आहे असं विचारतोय. "साळंत. गुरुजींच्या कपाटात. त्या धाराशिवच्या सभंनंतर भाऊच आनून दिऊन गेले. म्हनले, ही हितलीच हाय. पुरी झाल्याबगार भायेर काडायची न्हाय."

शाळेत जाऊन मी डबा उघडून पाहिला. रीळ होतं. झाकणाला आतून तुझ्या अक्षरात गावाचं नाव होतं आणि खाली एक शब्द: अपुरी.

अंबादास, हे तू मला का सांगितलं नाहीस? इतकी वर्षं मी तुला सांगत होतो की फिल्म खोटी आहे, आणि तू ती बंद करून ठेवली होतीस. एवढं एक वाक्य बोलला असतास तर पुढची निम्मी भांडणं वाचली असती. की मग भांडायला काही उरलं नसतं म्हणून बोलला नाहीस? याचं उत्तर देऊ शकेल असा साक्षीदार माझ्याकडं नाही.

तरीही माझा मुद्दा मी सोडलेला नाही. पट्टी गाडग्यात होती तितकी वर्षं रोज सकाळी लहान कॅनचं झाकण उघडत होतं. ती सभागृहात लागली असती, तर कदाचित नसतं उघडलं. कदाचित केराबाईची म्हैस तेव्हाच विकली गेली असती. दोन्ही 'कदाचित' तुझ्यासमोर ठेवायचे होते. गावाहून येताना येरमाळ्याला चहा घेतला आणि सवयीनं दोन सांगितले.

दिवसकार्य झाल्यावर मी वहिनींना सगळं सांगितलं. त्यांच्या भावानं विरोध केला: इतक्यात घराबाहेर पडायचं, तेही खेड्यात, सिनेमा दाखवायला? लोक काय म्हणतील? वहिनी म्हणाल्या, "त्यांचं काम एसटी स्टँडवर पडून राहिलंय, दादा. ते उचलून येते." प्रोजेक्टर त्यांनी स्वतः पुसला. दूधगाडीच्या ड्रायव्हरनं तो रिकाम्या कॅनच्या मधे अडकवून नेला.

दुपारी शाळेत वहिनींनी काम सुरू केलं. केराबाई समोर बसली होती. वहिनींनी पट्टी ओल्या फडक्यानं पुसली, पुस्तकाखाली दाबून सरळ केली, मग पात्यानं कड खरवडायला घेतली.

"बाई, दोन्हीकडची एकेक चौकट जाणार. त्याशिवाय सांधा बसत नाही. चालेल?"

"त्यात काय हाय?"

वहिनींनी उजेडात धरून दाखवलं. "पहिलीत नुसता हात आहे. शेवटच्या चौकटीत तुम्ही बघताय."

"हात जाऊ द्या येक. माजं बगनं हाय का पुडं-मागं?"

"आहे. आणखी बऱ्याच चौकटींत आहे."

"मग चालतंय."

सिमेंटचा वास खोलीभर झाला. तो तुझ्या घराचा वास आहे. मी बाहेर जाऊन उभा राहिलो.

दिवेलागणीनंतर धोतर ताणलं. गाव जमलं, तुझ्यासाठीही जमलं. चेअरमन तेच आहेत. आता काठी घेऊन चालतात. त्यांनी तुझ्याबद्दल चार चांगले शब्द सांगितले. मग फिल्म सुरू झाली. रस्त्याकडं वळलेल्या माना आल्या तेव्हा लोक नावं घ्यायला लागले: ह्यो बग तुजा आज्जा, ही बग आमची जुनी गाय. सांधा जवळ आला तेव्हा वहिनींनी हात रिळापाशी नेला आणि तिथंच ठेवला. चित्र किंचित उडालं. मग केराबाई दिसली, कॅन दिसला, हात दिसला. झाकण निघालं. दूध ओतलं गेलं. झाकण लागलं. तिनं समोर पाहिलं. चित्र पुन्हा उडालं आणि गाडी निघाली. दोन्ही सांधे टिकले.

दिवा लागल्यावर चेअरमन उठले. "वहिनी, दुःखाची येळ हाय, म्या जास्त बोलत न्हाय. पर त्येवडा तुकडा परत काडा. गावाची बदनामी हाय ती."

वहिनींनी पदर सावरला. "काढते की. त्यांचा नियमच होता. तुकड्यात जो दिसतो, त्यानं सांगायचं. तुम्ही त्यात आहात का?"

चेअरमननी काठी दुसऱ्या हातात घेतली.

"म्या हाय," मागून केराबाई म्हणाली. "ऱ्हाऊ द्या."

"आणि तो हात कुणाचा?" वहिनींनी विचारलं.

गणपत चेअरमनच्या खुर्चीजवळ खाली बसला होता. अजून तोच माप घेतो. संस्थेत चेअरमननीच त्याला लावलं. गर्दीतून एक आवाज आला, "गणपा, करंगळी कशाला झाकतूस? भितीयेवडी मोट्टी बगितली की समद्यांनी!" थोडा हशा झाला आणि लगेच थांबला. त्यानं एकदा 'काढा' म्हटलं असतं तर वहिनी कात्री लावणार होत्या. कात्री त्यांच्या हातात होती. केराबाई उभीच होती.

गणपत उठला. चेअरमनकडं न बघता म्हणाला, "हात माजाच हाय."

"मग काय करू, भाऊ?"

त्यानं करंगळीवरचा हात काढला. "ऱ्हाऊ द्या," म्हणाला आणि गर्दीतून वाट काढत घराकडं गेला.

मी केराबाईला विचारलं, आता तरी नाव छापू का? ती म्हणाली, "घाला की. तोंड दावलं, मग नावाला काय झालंय?" म्हणून नाव घातलं आहे. वहिनींनी रीळ डब्यात ठेवलं. झाकणाच्या आतला तुझा शब्द त्यांनी खोडला नाही. "ते त्यांनी लिहिलंय," म्हणाल्या.

आम्ही रात्री शाळेतच राहिलो. सकाळी मी संस्थेच्या दारात जाऊन उभा राहिलो. गणपत वेळेवर आला. त्यानं मोठे कॅन बाहेर मांडले, त्यांच्या बाजूला नेहमीच्या जागी लहान कॅनही ठेवला. ओळीनं लोक येऊन गेले. शेवटी वस्तीतली दोन घरं आली. त्यांचं दूध गणपतनं डिग्री लावून मापलं आणि मोठ्या कॅनमध्ये ओतलं. ओळीतले दोघेजण थांबून बघत होते. गाडी गेली. तोपर्यंत लहान कॅनचं झाकण उघडलं नव्हतं.